तीन फुटांचा तुकडा

त्या रविवारी हरेश्वरआप्पांनी मला नेहमीसारखा खोबरेलाचा हात लावला, पुसलं आणि डब्यात ठेवलं. ओटीवर त्यांची मुलगी राही वह्या तपासत होती. ती अलिबागला शिक्षिका आहे, सुट्टीला नागावला येते.

"बयो, पुढच्या रविवारी काळूराम आपला जुना सिनेमा दाखवतोय. येशील ना बघायला?"

"वह्या आहेत, आप्पा."

"त्या काय, दर रविवारी असतात," आप्पा हसले.

सोमवारी सकाळी ते उठलेच नाहीत.

मित्रांनो, मी त्यांची जुनी कात्री. सत्तेचाळीस साली त्यांनी मला मुंबईत विकत घेतलं. काळूराम आणि त्याचे मित्र कोणत्याही कंपनीशिवाय सिनेमे काढत. त्यांच्या फितीचे डबे होडीने इकडे येत आणि आप्पा वाडीकडच्या खिडकीपाशी बसून ते जुळवत. फितीचं टोक आधी ओल्या ओठाला लावत. चिकटली ती चित्राची बाजू. ती खरवडायची, डिंकासारखा मसाला लावायचा आणि दुसरा तुकडा जोडायचा. चूक व्हायची नाही.

बावन्न साली याच किनाऱ्यावर चित्रण झालं. होडी परत आलेली नाही आणि केसर नावाची कोळीण वाट बघते आहे, असा प्रसंग होता. नऊ वर्षांची राही मध्येच धावत आली आणि कॅमेऱ्याकडे बघून खुदकन हसली. तेवढी तीन फूट फीत आप्पांनी माझ्याकडून कापून घेतली.

राहीला कोणी सांगितलं नव्हतं. सिनेमा गावात आला तेव्हा तिने सगळ्या मैत्रिणींना पडद्यासमोर नेऊन बसवलं. सिनेमा संपल्यावर ठमी म्हणाली, "कुठं हायस गं तू? पडद्याच्या मागं बसलीस का?"

घरी येऊन राही रडली. "आप्पा, तुम्ही मला कापलंत!"

"बयो, केसर बुडालेल्याची वाट बघत होती. तू हसलीस, तर तिचं दुःख कोण खरं मानील?"

 त्यानंतर आप्पांचा एकही सिनेमा तिने पाहिला नाही.

पुढे डबे येईनासे झाले. आप्पांच्या पत्नी नीराबाई माझ्या पात्यांनी सुके बोंबील कापू लागल्या. आप्पा रागावले नाहीत. मला फक्त दोनदा पुसत.

चौदाव्या दिवशी काळूराम यंत्र घेऊन आला. "शेवटी हरेश्वरचं नाव आहे, बारीक अक्षरांत. तेवढं तरी बघ, पोरी."

अंगणात चादर बांधली. राही बसली. रिकाम्या किनाऱ्यावर केसर उभी होती. नुसती उभी. अंगणात कोणी खोकलंसुद्धा नाही. नीराबाईंनी पदर तोंडाला लावला.

सगळे गेल्यावर राहीने माझा डबा उघडला. माझ्याखाली, कागदात गुंडाळलेला, तो तीन फुटांचा तुकडा होता. पंधरा वर्षं आम्ही दोघं शेजारी होतो. तिने तो दिव्यासमोर धरला. हसणारी पोर, पुन्हा पुन्हा.

मित्रांनो, जुन्या वस्तूंना तेल लावता, तसं माणसांच्या कामाकडेही ती असताना बघा. आम्हांला ऐकू येतं, पण आम्ही निरोप पोचवू शकत नाही.

राहीने तुकड्याचं टोक आप्पांसारखं ओठांना लावलं. ते चिकटलं. हळूच सोडवून ती रिकाम्या खिडकीकडे बघून मोठ्याने म्हणाली,

"आप्पा, तुम्ही बरोबर कापलंत."