आल्यानिकोची बाटली

तापातून उठल्यापासून ग्रेगरीला वास येत नव्हता. दुबईतल्या हॉटेलात पाहुण्यांना वाढण्याआधी वाइनची प्रत्येक बाटली हुंगून पाहायची, हीच त्याची नोकरी आणि व्हिसाही त्यावरच. दोन महिने त्याच्यासारखीच वसईची, सोबत काम करणारी ॲना आधी हुंगायची आणि बाटली चांगली की खराब ते डोळ्यांनी खुणावायची. आज ती रजेवर होती.

मॅनेजर सुजीतने ग्लास पुढे केला. "दक्षिण इटलीची आल्यानिको. तिथलंच द्राक्ष. बोल."

ग्रेगरी आठवणीतून बोलला, "काळी चेरी, चामडं, थोडा धूर. एकदम फर्स्ट क्लास, सर."

"काल गेस्टने परत पाठवली रे ही. बूच खराब. ओल्या पुठ्ठ्यासारखा वास मारतोय."

ग्रेगरीने ग्लास पुन्हा नाकाशी नेला. काचेचा गारवा तेवढा लागला.

"कधीपासून?"

"एप्रिलपासून, सर," म्हणत तो कोटावरचा वाइन-पारख्याचा द्राक्षांचा बिल्ला काढू लागला.