हार घालायचा फोटो

हेमांगीचा धुळ्याच्या देवपुरात फोटो स्टुडिओ आहे. लग्न, बारसं, पासपोर्ट साइझ, काय म्हणाल ते ती करते. पण तिचं खरं नाव झालंय ते हार घालायच्या फोटोंनी. माणूस गेलं की घरच्यांच्या लक्षात येतं, अरे, याचा एक धड फोटो नाही! मग कुणाच्या तरी हळदीतला घोळक्याचा फोटो घेऊन येतात. हेमांगी त्या घोळक्यातून गेलेल्या आबांना अलगद बाहेर काढते, अंगात कोट चढवते, मागे निळं आभाळ लावते आणि डोळ्यांत उजेडाचा बारीक ठिपका ठेवते. तो ठिपका नसला तर मेलेला माणूस मेलेलाच दिसतो, आणि तेवढंच नेमकं घरच्यांना नको असतं.

त्या दुपारी एक वयस्कर माणूस आत आला. डोक्यावर टोपी, पांढऱ्या सदऱ्यावर केळीच्या चिकाचे काळे डाग. हे डाग जन्मात निघत नाहीत.

"पोरीचा फोटो मोठा कराचा हाये," तो म्हणाला. "हार घालाचा."

बोली रावेर-यावलकडची. हेमांगीने सवयीने चेहरा गंभीर केला, खुर्ची पुढे सरकवली आणि त्याचा मोबाइल हातात घेतला. पाहते तर काय! मागे मोहरीच्या रंगाचा पडदा, डावीकडून खिडकीचा उजेड, गळ्यात नवं मंगळसूत्र आणि खाली कोपऱ्यात तिच्याच स्टुडिओचं नाव. फोटो तिनेच काढलेला होता. मुलगी भाविका. महिन्यापूर्वी याच पडद्यापुढे उभी राहून खुदुखुदु हसणारी.

"तुमीच काढला ना?" म्हाताऱ्याने विचारलं. "खाले नाव हाये तुमचं."

"हो, नाना."

"चांगला काढला," तो म्हणाला. हेमांगीला आजवर कुणाच्या कौतुकाची इतकी भीती वाटली नव्हती.

भाविका आणि प्रशील रजिस्टर लग्न करून थेट तिच्याकडे आले होते. प्रशील इथलाच, देवपुरातल्या बौद्ध घरातला. भाविका पार जळगावच्या पलीकडच्या केळीवाल्यांची. जळगावला कॉलेजात जमलं. भाविकाने बजावून सांगितलं होतं, "ताई, फोटो कुठे टाकू नका हं. आमचे भाऊबंद शोधताहेत. सापडलो तर दोघांनाही जिवंत ठेवणार नाहीत." हेमांगीने मान डोलावली होती. पण त्यातला एक फोटो असा काही उतरला, की तिला राहवेना. तिने प्रशीलला कापून टाकलं आणि एकट्या भाविकाचा फोटो स्टेटसला ठेवला. नवरा नाही, नाव नाही, ओळखणार कोण? दुकानाचं नाव मात्र टाकायला विसरली नाही. एवढी शहाणी बाई! हौसेला मोल नसतं म्हणतात. असतं, फक्त ते दुसऱ्याला मोजावं लागतं.

"कधी गेली?" तिने विचारलं. हा प्रश्न ती सगळ्यांनाच विचारते, कारण फोटोखाली नाव आणि तारीख घालायची असते.

म्हाताऱ्याने मोहरीच्या पडद्याकडे तोंड फिरवलं. "तारीख मंग सांगतो. जागा कोरी ठेवा. आन् तिच्या गयातलं तेव्हढं काढून टाका. सांजच्याले येतो."

तो गेला, पण ती कोरी जागा हेमांगीच्या डोक्यातून जाईना. इतकी वर्षं हे काम करतेय, पण गेलेल्याची तारीख कुणाला आठवावी लागली नव्हती. लोक नावाआधी तारीख सांगतात. मग हा कोरी जागा ठेवायला का सांगतो? मुलगी अजून जायची आहे म्हणून?

तिने प्रशीलला फोन लावला. बंद. परत लावला, बंदच. शेवटी व्हॉट्सअॅपवर बोलून निरोप ठेवला, "घराबाहेर पडू नका. निरोप ऐकला की लगेच मला फोन करा." पोलिसांकडे जावं, असंही मनात आलं. पण सांगणार काय? बापाने मुलीचा फोटो मोठा करायला दिला, हे?

समोरचा चहावाला लोटन कप घेऊन आला. "ताई, तो टोपीवाला बाबा कोन शे? कालबी दिनभर मन्हा बाकवर बठेल व्हता. तुन्हा दुकानकडेच देखे."

चहा तसाच गार झाला.

शेवटी ती कॉम्प्युटरपुढे कामाला बसली, कारण नुसतं बसवेना. मोबाइल नेहमीसारखा टेबलावर ठेवला. कामात हात गुंतलेले असतात, म्हणून तिचा फोन कायम स्पीकरवरच असतो. तिने भाविकाच्या गळ्यातला एकेक काळा मणी पुसायला घेतला. शेजारची कातडी उचलायची, मण्यावर टेकवायची, मणी नाहीसा. एरवी या कामात तिला तंद्री लागते. आज प्रत्येक मण्याला वाटत होतं, आपण पोरीला थोडं थोडं मारतोय. गळा मोकळा झाला. खाली नाव लिहिलं, आणि नावाखालची कोरी जागा तिच्याकडे बघत बसली.

उन्हं कलल्यावर म्हातारा आला. कॉम्प्युटरवरचा फोटो त्याने वाकून पाहिला. गळा पाहिला, मग डोळे पाहिले.

हेमांगीचा धीर सुटला. "नाना, ती जिवंत आहे. तुम्हाला माहीत आहे, मलाही माहीत आहे. काय करणार आहात तुम्ही तिचं?"

"जिवंत हाये म्हनूनच आलो," तो म्हणाला आणि खुर्चीत बसला. "मी पितांबर. बाप तिचा. माहे पुतने हा फोटो घेऊन फिरू ऱ्हायले. दुकानाचं नाव वाचलं त्याहिनं बी. आज ना उद्या येतीन इठी. मी भाऊबंदाइले सांगतलं, माही पोर मेली. दहावा घालतो, हार घालतो, गावजेवन देतो. एकदा फोटोले हार चढला का मंग त्याहिची अब्रू मोकयी. मेलेल्या पोरीले कोनी मारत नही, बाई."

"मग तारीख का सांगत नव्हता?"

"दुपारी तोंडातून निंघेना. कालबी चहावाल्याकडं बसून माघारी गेलतो."

हेमांगीला रडू यायला हवं होतं. आलं नाही, कारण भीती गेली नव्हती. गोड बोलून पत्ता काढायचा डाव असला तर? बाप रडवेला झाला म्हणून बाप होत नाही. एकदा आपण चुकलोय, आता जीव गेला तरी तोंड उघडायचं नाही, असं तिने मनाशी पक्कं केलं.

आणि तेवढ्यात मोबाइल वाजला. प्रशील. नाव लख्ख दिसत होतं, आणि म्हाताऱ्याला वाचता येत होतं.

तिने झडप घातली, पण घाबरट बोटाने नको तेच केलं. फोन उचलला गेला.

"ताई, मी भाविका बोलतेय," खोलीभर आवाज घुमला. घोगरा, घाईघाईचा. "निरोप आत्ता ऐकला. काय झालं? तुम्ही काळजी करू नका, आम्ही आता धुळ्यात नाहीच. आम्ही इकडे..."

हेमांगी ओरडणार, त्याआधी म्हाताऱ्याचा हात पुढे आला. चिकाने काळवंडलेला अंगठा लाल बटणावर पडला. फोन कटला.

बाहेर रिक्षा गेली.

"मले ठाऊक नको," पितांबर नाना म्हणाला. "मले ठाऊक झालं तं माह्या तोंडातून काढून घेतीन ते. तुमीबी इचारू नका. नंबर पुसून टाका."

हेमांगीने त्याच्यासमोर नंबर पुसला. नको होतं तेव्हा उघडं टाकलं, आणि आता पुसत बसली.

नाना उठला नाही. बंद मोबाइलकडे बघत होता.

"आवाज बसेल होता ना तिचा?" त्याने विचारलं. "गार पानी पेती. लहानपनापासून आयकत नही."

"हो, नाना. बसला होता."

त्याने टोपी काढली, तोंड पुसलं, टोपी परत घातली. मग फोटोखालच्या कोऱ्या जागेवर बोट ठेवलं.

"आजची तारीख टाका. आन् मोठ्या अक्षरात टाका, बाई. लांबून वाचता आली पायजे."