पानाचं दुसरं टोक

पांढऱ्या बटणाला चारच भोकं, आणि अराबाची सुई तिसऱ्यातच अडकलेली — निळा दोरा नेढ्यातून निसटलेला, ओला करून ओवायचा, पुन्हा हुकायचा. ब्लाउज मान्साचा, भावाच्या मुलीचा. पोर एवढीशी होती तेव्हा एब्बो तिला इथे घेऊन आला, "आठवडाभर ठेव, ताई" म्हणाला, आणि तो आठवडा पंधरा वर्षं चालला आहे... दुपारी ओतूमामाच्या अंगणात बैठक. तिथे पोर नीटनेटकी दिसायला हवी असं अराबाला सकाळपासून वाटत होतं, आणि का वाटावं तेच कळत नव्हतं. तिथे आपण तिचं काय करणार आहोत हे ठाऊक असताना!

एब्बोने आईची समुद्रकाठची नारळाची वाडी परस्पर विकली होती. अगदी चोरून म्हणता येणार नाही, कारण त्याने रीतीप्रमाणे पान तोडलं होतं — घेणाऱ्याच्या घरच्याने एक टोक धरायचं, देणाऱ्याच्या घरच्याने दुसरं, साक्षीदारांसमोर ओढायचं. पान तुटलं की जमीन गेली. बहिणी नाही म्हणतील, म्हणून शहाण्याने दुसरं टोक लेकीच्या हातात दिलं. आणि तिथेच फसला. अक्रा शहरात राहून राहून विसरला बिचारा, की आपल्यात घर आईकडून येतं. बापाची लेक बापाच्या घरची नसते, ती तिच्या आईच्या कुळाची. वाडी सगळ्या भावंडांची होती, धाकट्या बहिणीच्या, कुकुआच्या मुलांची होती; मान्साची कधीच नव्हती. पान परक्या हाताने तुटलं असेल तर विक्री फुकट... एवढं फक्त कुणीतरी बैठकीत म्हणायचं होतं, आणि म्हणायचा मान थोरल्या बहिणीचा. आग लागो त्या मानाला.

अंगणात सगळे आंब्याखाली बसले. ओतूमामा, आईचा भाऊ आणि कुळाचा वडीलधारा, काठीवर हनुवटी टेकून म्हणाला, "तू बोल, अराबा. पान धरणारी मुलगी कोण?"

कुकुआने कोपराने ढोसलं. "बोल ना ताई! तोंडात केंकेचा घास अडकलाय का?"

मान्सा समोरच उभी होती, बापाच्या शेजारी. तिच्याकडे बघायचं नाही असं ठरवून आलेली अराबा तिच्याचकडे बघत राहिली... तापाने फणफणलेली ती माझ्या पाठीवर बांधलेली, दवाखान्यात एवढी गर्दी, आणि नर्सने विचारलं, मुलगी कुणाची? — माझी, म्हटलं मी. पटकन म्हटलं. तेव्हा कुणी साक्षीदार मागितले नव्हते.

"आमच्या घरची नाही ती," अराबा म्हणाली. "तिचं घर वेगळं. तिला पान धरायचा हक्क नाही."

घेणारा गृहस्थ ताडकन उठला, ओरडायला लागला. मामाने त्याला एब्बोकडे बोट दाखवलं — तुझं काय असेल ते याच्याकडे माग. एब्बोची मान वर झाली नाही. वाडी वाचली होती. परतताना कुकुआ वाटभर कुठल्या माडाची शहाळी गोड ते सांगत होती, आणि अराबा हं हं करत होती.

पोर आदळआपट करेल, भांडेल, निदान रडेल, याची अराबाने तयारी ठेवली होती. घरी आली तर मान्सा चुलीपाशी मासे साफ करत बसली होती.

"बाबा म्हणाले धर, मी धरलं," ती आपणहून म्हणाली. "मला कुठे माहीत होतं, मी कोण ते." मग पुढचा मासा उचलत, "आत्या, तळू का रस्सा करू?"

"तुला आवडेल ते कर."

"तुझं घर, तू सांग." वर हसलीसुद्धा, नेहमीसारखी. टोमणा असता तर बरं झालं असतं.

अराबाला वाटलं, पुढे व्हावं, तिच्या हातातली सुरी काढून घ्यावी, म्हणावं... पण काय? दुपारी बोललेला शब्द न् शब्द खरा होता. खोटं असतं तर आता लगेच मागे घेता आलं असतं. ती उंबऱ्यापाशीच थांबली, कुणीतरी 'आत ये' म्हणण्याची वाट पाहत.