चालत आलेला पेशंट

मागितलं : मूळ बिलं.

दिली. मारुतीराव निवृत्त प्राथमिक शिक्षक, कागद जपणारा माणूस. हृदयात स्टेंट बसवल्याचा खर्च कर्नाटक सरकारकडून परत मिळायचा होता. तो भागवायला मुलानं, विक्रमनं, वडगावातल्या आपल्या कापडाच्या दोन मागांपैकी एक विकला होता.

मागितलं : बेळगाव सोडून कोल्हापूर का?

लिहून दिलं. निपाणीजवळच्या माणसाच्या छातीत कळ आली की गाडी कोल्हापूरकडंच वळते. बेळगावपेक्षा निम्मा रस्ता. राज्य वाटेत बदलतं, त्यासाठी कुणी थांबत नाही.

मागितलं : अर्जंट होतं याचा दाखला. त्याशिवाय राज्याबाहेरचा खर्च मिळत नाही.

इथं अडलं. त्या दिवशी हॉस्पिटलच्या दारात ट्रॉली आणली होती. मारुतीरावांनी ती हातानं बाजूला सारली. त्यांच्या घरात म्हणतात, आडवा आत गेलेला आडवाच बाहेर येतो. वडील बाजेवरून गेले होते, बाजेवरूनच आले. म्हणून हे पायऱ्या चढले, आणि डॉक्टरनं विचारल्यावर ताठ मानेनं सांगितलं, चालत आलोय. तशीच नोंद झाली.

ऑफिसातला क्लार्क वाईट नव्हता. चालत आलेल्या पेशंटला मी अर्जंट कसं म्हणू सर, असं त्यानं विचारलं. चहा मागवला. मग खिडकीबाहेर बघत म्हणाला, "दुसरं ब्लॉकेज ऱ्हायलंय न्हवं तुमचं? ते तरी अर्जंटमधी करा."

मागितलं :

काही नाही. ऑफिसचं मागून झालं होतं.

दुसरं ब्लॉकेज डॉक्टरनं महिन्याभरात काढायला सांगितलं होतं. बेळगावचं सरकारी यादीतलं हॉस्पिटल म्हणालं, पहिलं जिथं केलं तिथंच जा. कोल्हापूरला आधी ठरवून गेलं तर पैसे बुडणार. कळ आल्यावर गेलं तर मिळणार. विक्रम दुसरा माग विकायला निघाला. मारुतीरावांनी नको म्हटलं. मग पोरांना काय खायला घालणार, एवढंच विचारलं.

म्हणजे वाट बघायची.

बायकोनं, मनुबाईंनी, दवाखान्याची पिशवी भरून दाराच्या खुंटीला अडकवली. त्या नवऱ्याला जिना चढू देईनात. नवरा मुद्दाम चढायचा. विक्रम रोज संध्याकाळी फोन करायचा, कसं हाय म्हणून. बरं हाय, असं उत्तर यायचं. एकदा फोन ठेवल्यावर विक्रमच्या ध्यानात आलं की बरं हाय ऐकून आपल्याला बरं वाटलेलं नाही. त्या रात्री त्याला जेवण गेलं नाही.

कळ आली ती विक्रम गावी आलेला असताना. भर दुपारी. मारुतीराव भिंतीला धरून खाली बसले, घामानं भिजले, आणि मनुबाईंना दिसलं की ते हसतायत.

गाडी. हायवे. तंबाखूची गोदामं मागं पडली. कागल मागं पडलं.

कागलनंतर कळ ओसरली.

तोंडावर रंग आला. त्यांनी पाणी मागितलं, प्यायले, टोपी नीट केली. हॉस्पिटलच्या दारात विक्रम उतरला, तेव्हा त्यांनी काच खाली घेऊन त्याला ट्रॉली आणायला सांगितली.

"चालता येतंय की वो तुमास्नी," मनुबाई म्हणाल्या.

"येतंय."

"मग?"

"एकदा चालून बघितलं की."

ट्रॉली आली. ते आपणहून तिच्यावर चढले. चपला काढून मनुबाईंच्या हातात दिल्या. आडवे झाले, हात छातीवर घेतले, डोळे मिटले. आत डॉक्टरनं विचारलं, पेशंट कसा आला?

विक्रमनं आईच्या हातातल्या चपलांकडं बघितलं.

"उचलून आणलं," तो म्हणाला.

डॉक्टरनं लिहिलं.

मनुबाई ट्रॉलीवर वाकल्या. नवऱ्याच्या कानाशी, अगदी हळू म्हणाल्या, "झालं वो लिहून. उघडा आता डोळं." डोळे मिटलेलेच राहिले.

मागितलं :