मीठ लावलेलं रीळ

हिरामण कोळ्याला सिनेमाचं वेड आहे असं गाव म्हणायचं. साफ खोटं. नटनट्यांशी त्याला काडीचं घेणंदेणं नव्हतं. त्याचा जीव अडकला होता एका सिनेमातल्या एका हसण्यात. मुंबईच्या लोकांनी किहीमच्या वाळूवर सिनेमा काढला, तेव्हा नायिकेच्या मागून चार कोळणी चालवल्या होत्या. कॅमेऱ्याकडे बघू नको म्हटलं तरी डोक्यावरची पाटी सावरत एक जण बघून हसली, ती त्याची बायको राही. पुढच्याच वर्षी ती तापानं गेली. त्यांची पोर तुळशी तेव्हा रांगत होती. घरात राहीचा साधा फोटोसुद्धा नव्हता.

जत्रेत तंबूचा सिनेमा आणणारा अंबाजीशेठ एकदा म्हणाला, "ही रिळं झिजली रे. आता बांगडीवाल्याकडे जातील, वितळायला."

हिरामणनं त्याचे पाय धरले. शेठ माणूस बरा. राही असलेलं रीळ त्यानं डब्यासकट दिलं. "पुढच्या जत्रेला आण, पोरीला दाखवू. तेवढं पावसाळ्यात जप, नासू देऊ नको."

नासू द्यायचं नाही म्हणजे काय, हे कोळ्याला कोणी शिकवायचं? हिरामणनं डब्यात खाली मीठ पसरलं, कडेनं मीठ, वर मीठ, आणि झाकण दाबून डबा माळ्यावर ठेवला. पावसाळ्यात मीठ पाझरतं हे त्याला ठाऊक होतंच की. पण मासळीत मीठ पाझरलं म्हणजे मुरलं, आणि मुरलं म्हणजे टिकलं.

जत्रेत तुळशी नवा परकर नेसून सगळ्यांच्या पुढे बसली. शेजारच्या पोरींना सांगत होती, "माजी आय येनार हाय."

तंबूमागे शेठनं डबा उघडला आणि मीठ बाजूला सारलं. रिळाचा चिकट गोळा झाला होता. "अरे, काय केलंस हे?"

"मिटात घातलेलं नासत न्हाय, शेठ," हिरामण म्हणाला, आणि डब्यात बघतच राहिला. शिव्या घालायला दुसरं कोणी असतं तर बरं झालं असतं.

शेठनं सोलून सोलून वीतभर पट्टी सोडवली आणि कंदिलापुढे धरली. वाळू होती, बोंबील वाळत घातलेल्या दांड्या होत्या. राही यायच्या आधीचं सगळं होतं.

तेवढ्यात तुळशी तंबूमागे आली. तिनं पट्टी डोळ्यांजवळ नेऊन उलटसुलट पाहिली. "बा, यात आय कुटं हाय?"

हिरामणनं पट्टीच्या तुटक्या टोकावर बोट ठेवलं. "हितनं येते, बाय. येवड्यात येते."

तुळशीनं पट्टी पुन्हा कंदिलापुढे धरली आणि वाट बघत बसली.