वाळवीनं सोडलेली जागा

गाडी हलली तेव्हा प्राध्यापक पाठराबे यांचे दोन्ही पाय सिंदेवाहीच्या फलाटावर होते, छत्री बगलेत होती आणि बॅग डब्यात होती. बारकी गाडी ती. धावलं असतं तर सापडली असती. पण प्राध्यापकांचं धावायचं वय राहिलं नव्हतं, आणि सोमाजी गुरुजी हार घालण्यात गुंतले होते. हार घालून झाला, प्राध्यापकांनी मागे वळून पाहिलं, तोवर गाडी सिग्नलच्या पलीकडे गेली होती.

"माझी बॅग," प्राध्यापक म्हणाले.

"उद्या सकाळच्या गाडीनं चांद्याहून वापस येईल जी," स्टेशनमास्तर म्हणाले. "तार करतो. या लाइनीवर काही हरवत नाई. उशिरा येते, एवढंच."

"माझं भाषण आहे तिच्यात. आज चार वाजता आहे ते."

सोमाजी गुरुजींना भाषणाची चिंता वाटली नाही. प्राध्यापक म्हटला की भाषण त्याच्या पोटात असतं. त्यांनी हळूच विचारलं, "आणि पुस्तक?"

"तेही तिच्यातच."

गुरुजींनी टोपी काढली, झटकली आणि परत घातली.

ते पुस्तक म्हणजे शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या एका जर्मन तत्त्ववेत्त्याचा ग्रंथ, इंग्रजीत आणलेला. गुरुजींकडेही त्याची प्रत होती. नऊ वर्षांपूर्वी जंगलखात्याचा साहेब देश सोडून गेला, तेव्हा रेस्टहाऊसच्या कपाटात ती मागे राहिली. साहेबानं वाचली होती की नाही ते कळायला मार्ग नव्हता. वाळवीनं मात्र नक्की वाचली होती. एकशे बाराव्या पानाला ती आत शिरली आणि दोनशे साठाव्या पानातून बाहेर पडली. मधल्या प्रत्येक पानाला बंद्या रुपयाएवढं भोक होतं.

दुसऱ्या कुणी ते पुस्तक चुलीत घातलं असतं. सोमाजी मोहुर्ले हे मराठी शाळेचे हेडमास्तर होते, आणि 'गाळलेल्या जागा भरा' या प्रश्नाची उत्तरं त्यांनी तीस वर्षं तपासली होती. मागचं आणि पुढचं वाचल्यावर मधलं काय असणार, हे मुलांना कळावं अशी ज्याची अपेक्षा, त्याला स्वतःला ते कळायलाच हवं. त्यांनी कोश जवळ घेतला आणि अख्ख्या ग्रंथाचं मराठी करायला घेतलं. जर्मनाचं ते निळ्या शाईनं, भोकातलं स्वतःचं ते लाल शाईनं. पहिली वही अशी नेकीनं झाली. दुसऱ्या वहीच्या सुरुवातीला लाल शाई संपली. बाबूभाईंच्या दुकानात विचारलं, तर तेही म्हणाले, संपली. गुरुजी निळ्या शाईनं पुढे गेले.

चौथी वही भरली तेव्हा जर्मन कुठे संपतो आणि सोमाजी कुठे सुरू होतो, हे खुद्द सोमाजींनाही सांगता येईना. याचा त्यांना त्रास होत नसे. वाचनालयाच्या ओट्यावर ते तो तत्त्ववेत्ता इतक्या ठामपणे समजावून सांगत की ऐकणाऱ्यांना तो शेजारच्या नागभीडकडचा वाटे. पण यंदा त्यांनी पंचावन्नावं वर्ष ओलांडलं, पेन्शनचे कागद आले, आणि आपण नऊ वर्षं नक्की कुणाला वाचलं, हा प्रश्न त्यांना जेवताना पडू लागला. म्हणून वाचनालयाच्या वार्षिक व्याख्यानाला त्यांनी नागपूरहून पाठराब्यांना बोलावलं. पत्राच्या शेवटी लिहिलं होतं: येताना आपली प्रत कृपया आणावी.

प्रत आता पुढच्या मुल स्टेशनाच्या दिशेनं चालली होती.

दुपारी गुरुजींच्या घरी प्राध्यापक खाटेवर बसले. पुढ्यात चार वह्या. अडीचला तिसरी उघडली.

"अनुवाद तुमचा?"

"हो. म्हणजे त्यात थोडं असं आहे की..."

"मोहुर्ले, इतकं स्वच्छ मी इंग्रजीतही वाचलं नव्हतं."

गुरुजींचं तोंड उघडलेलं होतं. ते त्यांनी मिटलं, आणि चहा सांगायला आत गेले.

चार वाजता शाळेच्या पटांगणात व्याख्यान सुरू झालं. बाबूभाई वाचनालयाचे चिटणीस, म्हणून खुर्च्या त्यांच्या दुकानातल्या. मागे अंथरलेल्या दरीवर सरकारी धान-फारमवरच्या बाया बसल्या होत्या, कारण त्यांना त्या दिवशी लवकर सुट्टी झाली होती. त्यांत सुगंधाबाई होत्या, गुरुजींच्या शेजारच्या. फारमवर दोन जातींचा संकर करायचा असला की साहेब लोक त्यांनाच बोलावत. धानाच्या फुलातले सहा बारीक केसर चिमट्यानं एकेक काढून घ्यायचे आणि फुलाला कळू द्यायचं नाही, हे काम साऱ्या फारमात त्यांच्याच बोटांना जमत होतं.

प्राध्यापक बोलत होते छान. अर्ध्या तासानं त्यांनी तिसरी वही उघडली.

"आता या थोर जर्मन विचारवंताचे शब्द ऐका. 'जे नाहीसे होते ते जात नाही. धानाचे फूल तासभर उघडते आणि मिटते. ज्या टरफलात फूल होते, त्याच टरफलात पुढे दाणा भरतो. मिटणे म्हणजे भरायला लागणे.' काय दृष्टी आहे पाहा."

टाळ्या पडल्या. गुरुजी टाळी वाजवायला गेले आणि हात मांडीवर ठेवून बसले.

दरीवरून आवाज आला, "गुरुजी, जर्मनीत धान होते का जी?"

सुगंधाबाईंनी खरोखर माहितीसाठी विचारलं होतं. बायका हसल्या. प्राध्यापकांनी वहीकडे पाहिलं, मग आभाळाकडे.

"बाई, तत्त्ववेत्त्याची नजर देशाच्या सीमा मानत नाही."

परत टाळ्या पडल्या. सुगंधाबाईंनी मान हलवली, पण डोळे गुरुजींवरच ठेवले. गुरुजी समोरच्या खुर्चीच्या पाठीवर रंगवलेलं बाबूभाईंचं नाव वाचत होते. उठून खरं सांगावं, तर चारही वह्या संशयात जातात. न सांगावं, तर ही बाई उद्या सकाळी कुंपणाशी भेटणार.

भेटलीच. प्राध्यापक बॅगेच्या काळजीनं आधीच पुढे गेले होते. गुरुजी स्टेशनकडे निघाले होते, सुगंधाबाई फारमकडे. दोघांची वाट फाटकापर्यंत एकच.

"काल ते सायेब जे वाचून राह्यले होते," सुगंधाबाई म्हणाल्या, "तसंच मी तुमाले सांगितलं होतं. फारमाच्या तिसऱ्या बांधावर. तुमी विचारलं, बाई, फूल मेलं का? मी म्हनलं, मेलं कायले, आत गेलं जी, दाना भराले."

"हो."

"मंग त्या जर्मनाले कोनं सांगितलं?"

"तेच पाहायला चाललो आहे," गुरुजी म्हणाले.

वाटेत बाबूभाई दुकान उघडत होते. गुरुजी थांबले.

"लाल शाई आहे का हो?"

"है ना. हमेशा रहती है."

"मागे संपली होती."

"वो एक हप्ता, गुरुजी. नंतर आलीच ना. सात-आठ वर्षांत तुमीच नाई मागितली."

गुरुजींनी बाटली घेतली आणि कोटाच्या खिशात टाकली. स्टेशनापर्यंत ते त्या खिशावर हात ठेवून चालले.

चांद्याहून गाडी आली. बॅग गार्डाच्या डब्यात सुखरूप होती. प्राध्यापक याच गाडीनं नागपूरला परतणार होते. इंजिन पाणी घेईपर्यंत वीस मिनिटं होती. नऊ वर्षांच्या मानानं फार नव्हती. प्राध्यापकांनी बॅग उघडून आपली प्रत गुरुजींच्या हाती दिली. गुरुजी बाकावर बसले, एका मांडीवर ती प्रत, दुसरीवर वही, शेजारी स्वतःची भोकं पडलेली प्रत.

पहिली चार-पाच भोकं त्यांनी भराभर पाहिली. बरोबर. शब्द इकडेतिकडे, पण अर्थ तोच. गुरुजींची पाठ ताठ होत गेली. एके ठिकाणी जर्मनानं लांबड लावली होती, तिथे सोमाजी सरस ठरले होते. मग त्यांनी धानाचं पान काढलं. वाळवीनं खाल्लेल्या त्या चार ओळींत काय होतं ते बोट ठेवून वाचलं. परत एकदा वाचलं.

तिथे लिहिलं होतं, की याबाबतचं सविस्तर विवेचन पुढे योग्य ठिकाणी येईलच.

गुरुजींनी पुढची पानं चाळली. विवेचन कुठे आलेलं दिसेना. त्यांनी प्रत मिटली, धोतराच्या सोग्यानं तिच्यावरची धूळ पुसली आणि वर पाहिलं.

"काय, जुळलं?" प्राध्यापकांनी विचारलं.

"जुळलं. तुमच्या प्रतीत थोडं कमी आहे."

प्राध्यापक हसले. "मोहुर्ले, ते धानाचं वाक्य मी एका लेखात घेणार आहे. तुमचा अनुवाद म्हणून नाव देईन. तळटिपेत पान कितवं टाकू?" त्यांनी डायरी काढली, पेनाचं टोपण उघडलं.

इंजिनाचं पाणी बंद झालं. गुरुजींनी खिशातून बाटली आणि टाक काढला, बाटली बाकावर ठेवून टाक बुडवला, आणि वहीतल्या त्या चार ओळींखाली सावकाश एक लाल रेघ मारली. शाई वाळेपर्यंत फुंकर घातली.

"लिहा. सुगंधाबाई."

प्राध्यापकांनी लिहिलं.

"सरकारी धान-फारम, सिंदेवाही."

तेही लिहिलं.

"पान नाही. बांध तिसरा."

"बांध तिस..." प्राध्यापकांचं पेन थांबलं. ते डायरीकडे पाहत राहिले. मग त्यांनी वहीकडे पाहिलं, बाकावरच्या लाल शाईकडे पाहिलं, आणि शेवटी गुरुजींकडे.

"मोहुर्ले, या वह्यांत असं आणखी कितीसं आहे?"

"ते आता मोजायला बसणार आहे," गुरुजी म्हणाले. "शाई आणली आहे."

गार्डानं शिटी दिली. गुरुजींनी प्रत बॅगेत घातली, बॅग उचलून आधी डब्यात ठेवली, मग प्राध्यापकांना हात दिला.