तोकुझोचा आवाज

तोकुझो पडद्यावर त्रेसष्ट वेळा मेला होता. कधी दरोडेखोर, कधी म्हातारा भिक्षू. भूमिका बदले, मरण मात्र ठरलेलं. चित्रपट मुके, त्यामुळे मरताना तो काय म्हणाला, ते त्या त्या गावच्या थिएटरात पडद्याशेजारी बसलेला निवेदक बोलायचा.

आईचं आता काही खरं नाही अशी तार आली, तेव्हा तो क्योतोहून वीस वर्षांनी गावी आला.

“आई, मी आलो.”

“कोण मेला हा?” आंधळी आई म्हणाली. “माझ्या तोकुझोचा आवाज घंटेसारखा आहे. हा तर बेडूक!”

बहीण सादा ओशाळली. “दादा, डोळे गेल्यावरही ती तुझा एकेक चित्रपट ऐकायला जायची रे.”

तोकुझो उठून गेला आणि गावच्या थिएटरातून निवेदक ओनुकीसानना घेऊन आला.

“प्रवेश कुठला?” त्यांनी दारातच विचारलं.

“मुलगा घरी येतो.”

“असा तुम्ही एकही केलेला नाही.”

तरी त्यांनी घसा साफ केला. “आई, मी आलो.”

म्हातारीचा चेहरा उजळला. “आलास? किती वेळा मेलास रे बाबा! जेवलास का?”

तोकुझोने नुसते ओठ हलवले. ओनुकीसाननी ते वाचून म्हटलं, “तुझ्या हातचं लोणचं कुठेच मिळत नाही, आई.”

तिने हात पुढे केला. ओनुकीसाननी तो अलगद तोकुझोच्या हातात दिला.

“आता मरू नकोस हं,” ती म्हणाली, आणि स्वतःच गेली.

तोकुझोने तोंड उघडलं, सवयीने, आवाज न करता. ओनुकीसाननीही या वेळी आवाज दिला नाही.